खाणीच्या खटल्यात न्यायालय आधी काय बघते

प्रश्न थोडक्यात असा: गावाला लागून खाण सुरू होणार आहे किंवा आधीपासूनच चालू आहे. विहिरी, भातशेती, कुळागरे (माड-सुपारीच्या बागा) धोक्यात आहेत. दुसऱ्या बाजूला सरकारचा महसूल आहे, ट्रकवाल्यांचा रोजगार आहे, कंपनीची गुंतवणूक आहे. न्यायालय हे सगळे कसे तोलते, दाद कुठे मागायची आणि गावाने हातात काय घेऊन जायचे? उत्तर मुख्यतः गोवा आणि सिंधुदुर्ग डोळ्यांसमोर ठेवून देत आहे. खाणींच्या कायद्यातले देशभर वापरले जाणारे काही मुद्दे गोव्याच्याच खटल्यांतून पक्के झाले आहेत.

एक समजूत आधी दूर करायला हवी. न्यायाधीश एका पारड्यात डोंगर ठेवतील, दुसऱ्यात खनिज ठेवतील आणि जड पारड्याच्या बाजूने निकाल देतील, असे मनात धरून लोक न्यायालयात जातात. तसे फार क्वचित घडते. न्यायालयाचा पहिला प्रश्न असतो की या जमिनीत, या तारखेला, खोदण्याचा हक्क खाणचालकाकडे आहे का. दुसरा प्रश्न असतो की तो हक्क देताना कायद्याने सांगितलेली प्रक्रिया पाळली का. या दोन्हींतून खाण पार पडली तरच तोलण्याची वेळ येते, आणि तिथेही बहुतेक वेळा 'खाण हवी की नको' असा प्रश्न उरत नाही. किती खोदायचे, कुठे थांबायचे, भरपाई कोणी द्यायची, एवढेच ठरते. गावे जिंकतात ती पहिल्या दोन प्रश्नांवर. तिसऱ्यावर बहुधा तडजोड हाती येते.

गोव्यातल्या लोहखनिजाच्या खाणींचा खटला या दृष्टीने बघा. पोर्तुगीज काळात दिलेली कंसेशन्स, म्हणजे खोदण्याच्या सवलती, १९८७ च्या कायद्याने खाणपट्टे ठरवली गेली, तीही मागच्या तारखेपासून, म्हणजे २० डिसेंबर १९६१ पासून. २१ एप्रिल २०१४ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने साधा हिशेब मांडला. हे मानीव, म्हणजे कायद्याने पट्टे मानलेले, पट्टे २२ नोव्हेंबर १९८७ ला संपले. त्यांचे नूतनीकरण जास्तीत जास्त २० वर्षांसाठी होऊ शकत होते, म्हणजे २२ नोव्हेंबर २००७ पर्यंत. त्यानंतर सप्टेंबर २०१२ मध्ये खाणी थांबेपर्यंत जे खोदले ते सगळे बेकायदा. बेकायदा खाणकामाची चौकशी करणाऱ्या न्यायमूर्ती शहा आयोगाचा अहवाल, लाल झालेल्या नद्या, बुजलेली शेते हे सगळे न्यायालयापुढे होतेच, पण खाणींचा पाया उखडला तो कॅलेंडरने.

तोलणे त्याच निकालात पुढे येते. न्यायालयाने खाणकामावर सरसकट बंदी घातली नाही. वर्षाला २ कोटी टनांची अंतरिम मर्यादा घातली. २०१०-११ मध्ये गोव्यातून ५ कोटी टनांहून अधिक खनिज बाहेर गेले होते, हे लक्षात घेतले की या आकड्याचे वजन कळते. राष्ट्रीय उद्याने आणि अभयारण्यांच्या हद्दीपासून एक किलोमीटरच्या आत खाणकाम नको असे सांगितले. पट्ट्याच्या हद्दीबाहेर माती टाकायला मनाई केली. पुढच्या पिढ्यांसाठी कायमस्वरूपी निधी उभारायला लावला आणि त्यात खनिजाच्या विक्रीमूल्याच्या १० टक्के रक्कम टाकायला सांगितली. जप्त साठ्याच्या ई-लिलावातून उत्खननाचा सरासरी खर्च खाणचालकांना मिळेल आणि उरलेले राज्याकडे जाईल, असेही बघितले. तराजू दिसतो तो इथे.

यानंतर जे घडले तेही शिकण्यासारखे आहे. उच्च न्यायालयाच्या ऑगस्ट २०१४ च्या निर्णयाचा आधार घेऊन राज्याने ८८ पट्ट्यांचे दुसरे नूतनीकरण केले. केंद्राचा लिलाव सक्तीचा करणारा अध्यादेश १२ जानेवारी २०१५ ला आला, आणि त्या दिवसापर्यंत नूतनीकरणाचे आदेश निघत राहिले. ७ फेब्रुवारी २०१८ ला न्यायमूर्ती लोकूर आणि न्यायमूर्ती गुप्ता यांच्या खंडपीठाने ही सगळी नूतनीकरणे रद्द केली आणि १५ मार्च २०१८ नंतर खाणकाम बंद करायला सांगितले. नवे पट्टे द्यायचे तर नव्याने, पर्यावरण मंजुऱ्याही नव्याने. आज गोव्यात डिसेंबर २०२२ पासूनच्या लिलावांतून जे खाण ब्लॉक गेले आहेत त्यांच्याबाबतीत 'पट्टाच संपला आहे' हा मुद्दा उरत नाही. तिथे लढाई दुसऱ्या प्रश्नावर, म्हणजे प्रक्रियेवर आणि पर्यावरण मंजुरीतल्या अटींवर आहे. जुन्या याचिकेचा मसुदा समोर ठेवून नवी याचिका लिहिणाऱ्यांची इथेच फसगत होते.

बाकीचे मोठे निकाल याच दोन-तीन साच्यांत बसतात. डेहराडूनच्या चुनखडीच्या खाणींत १९८५ ला न्यायालयाने समित्यांच्या पाहणीवरून वर्गवारी केली आणि घातक खाणी बंद केल्या. खाणमालकांना झळ बसेल हे निकालात उघडपणे मान्य केले, आणि लोकांच्या निरोगी पर्यावरणात जगण्याच्या हक्कासाठी ती किंमत मोजावी लागेल असे म्हटले. कर्नाटकात बळ्ळारी, चित्रदुर्ग, तुमकूर इथल्या १६६ पट्ट्यांची संयुक्त मोजणी झाली. हद्दीबाहेर किती खोदले आणि किती माती टाकली यावरून अ, ब, क असे गट पडले. १८ एप्रिल २०१३ च्या निकालाने क गटातले ४९ पट्टे रद्द झाले. ब गटाने बेकायदा खड्ड्याच्या प्रत्येक हेक्टरमागे ५ कोटी आणि बेकायदा ढिगाऱ्याच्या हेक्टरमागे १ कोटी रुपये भरायचे आणि पुनर्वसन आराखडा अमलात आणल्यावरच सुरू करायचे, असे ठरले. मला हा निकाल गावांसाठी सगळ्यात उपयोगाचा वाटतो, कारण त्यात आरोपाचे रूपांतर मोजमापात झाले.

उलट बाजू मेघालयातल्या लाफार्ज या सिमेंट कंपनीच्या चुनखडीच्या खाणीच्या प्रकरणात दिसते. ६ जुलै २०११ च्या निकालात न्यायालयाने म्हटले की निर्णय घेणाऱ्यांनी सगळी माहिती बघून, योग्य प्रक्रियेने निर्णय घेतला असेल तर आम्ही त्यांच्या जागी बसून नव्याने निर्णय घेणार नाही. तिथे स्थानिक दरबाराची, म्हणजे गावाच्या पारंपरिक पंचायतीची, खाणीला संमती होती, हेही वजनदार ठरले. आणि ओडिशातल्या नियमगिरी डोंगराच्या प्रकरणात, १८ एप्रिल २०१३ ला, न्यायालयाने स्वतः तोललेच नाही. श्रद्धा आणि वनहक्कांचा प्रश्न ग्रामसभांकडे पाठवला. १२ गावांच्या ग्रामसभांनी खाणीला नकार दिला.

नियमगिरीचा दाखला देताना जपा. तो वनहक्क कायदा आणि अनुसूचित (म्हणजे राज्यघटनेखाली जाहीर झालेले आदिवासी) क्षेत्र यांच्या जोरावर उभा आहे. गडचिरोलीत तो थेट लागू पडतो. सिंधुदुर्गात किंवा गोव्यात अनुसूचित क्षेत्र नाही, त्यामुळे पेसा कायद्याचा, म्हणजे अशा क्षेत्रातल्या ग्रामसभांना अधिकार देणाऱ्या कायद्याचा, आधार तिथे मिळत नाही. वनहक्कांचे दावे असतील तर ते वेगळे आणि पुराव्यानिशी मांडावे लागतात. नुसता ग्रामसभेचा ठराव तिथे खाण अडवत नाही. तो पुराव्याचा एक कागद ठरतो, आणि तेवढ्यापुरता कामाचा असतो.

दाद कुठे आणि किती दिवसांत

सगळ्यात जास्त खटले इथेच हरतात, गुणवत्तेवर नाही. पर्यावरण मंजुरीला आव्हान द्यायचे तर पर्यावरणाचे वाद ऐकणाऱ्या राष्ट्रीय हरित लवादाकडे, लवादाच्या कायद्याच्या कलम १६ खाली अपील. महाराष्ट्र आणि गोव्यासाठी पुण्याचे खंडपीठ. मुदत ३० दिवस, सबळ कारण असेल तर आणखी ६० दिवस. ९० वा दिवस उलटला की लवादालाही उशीर माफ करता येत नाही. चालू खाणीमुळे पर्यावरणाचा मोठा प्रश्न उभा राहिला असेल तर कलम १४, मुदत वादाचे कारण पहिल्यांदा घडल्यापासून सहा महिने आणि वर ६० दिवस. नुकसानभरपाई आणि पुनर्स्थापना मागायची तर कलम १५, मुदत ५ वर्षे आणि वर ६० दिवस. शुल्क १,००० रुपये. भरपाई मागितली तर मागणीच्या १ टक्का, पण १,००० हून कमी नाही.

मुदत कधीपासून मोजायची यावर भांडत बसू नका. मंजुरी मंत्रालयाच्या संकेतस्थळावर टाकली जाते, वर्तमानपत्रांत जाहिरात येते, ग्रामपंचायतीला प्रत जाते. गुजरातमधल्या तल्ली ग्रामपंचायतीच्या प्रकरणात, तेही चुनखडीच्या खाणीचेच होते, सर्वोच्च न्यायालयाने २०२५ मध्ये सांगितले की यातले जे सगळ्यात आधी घडले तिथून घड्याळ सुरू. 'आम्हाला माहितीच्या अधिकारात नंतर कळले' हे चालत नाही. म्हणून गावातल्या एकाने दर सोमवारी परिवेश या केंद्राच्या मंजुऱ्यांच्या पोर्टलवर आपल्या तालुक्याचे प्रस्ताव तपासायचे, एवढी शिस्त लावून घ्या. पंधरा मिनिटांचे काम आहे.

लवादाच्या कक्षेत सात कायदे येतात: पाणी, पाणी उपकर, हवा, पर्यावरण संरक्षण, वन संवर्धन, जैवविविधता आणि सार्वजनिक दायित्व विमा. खाण आणि खनिजांचा १९५७ चा कायदा त्यात नाही, वन्यजीव कायदाही नाही. पट्टाच बेकायदा आहे, लिलाव चुकीचा आहे, असे म्हणायचे असेल तर अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालय. गोव्यासाठी पर्वरी, विदर्भासाठी नागपूर. सिंधुदुर्ग आणि रत्नागिरीकरांना १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरचे सर्किट बेंच. दोन्ही मुद्दे एकाच अर्जात कोंबून लवादाकडे गेलात तर अर्धा अर्ज कक्षेबाहेर म्हणून गळतो आणि दरम्यान वर्ष जाते.

गौण खनिजांचे, म्हणजे वाळू, खडी, चिरा यांचे, पहिले पाऊल न्यायालयात नसते. तहसीलदाराकडे लेखी तक्रार, तलाठ्याकडून पंचनामा, आणि महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम ४८(७) आणि ४८(८) खाली दंड आणि वाहनजप्तीची मागणी. पाच हेक्टरच्या आतल्या गौण खनिजाच्या खाणींनाही पर्यावरण मंजुरी लागते, हे २७ फेब्रुवारी २०१२ च्या दीपक कुमार निकालापासून ठरलेले आहे. वाळूच्या बाबतीत जिल्हा सर्वेक्षण अहवाल मागवा आणि त्यात पुनर्भरणाचा अभ्यास आहे का ते बघा. नदीत दरवर्षी किती वाळू नव्याने येते हे न मोजता तयार केलेला अहवाल मंजुरीला आधार होऊ शकत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०२५ मध्ये जम्मू-काश्मीरच्या प्रकरणात स्पष्ट केले आहे.

पुरावा: विहीर, नकाशा, ब्रास

'खाणीमुळे विहिरी आटल्या' हे वाक्य बहुतेक याचिकांत असते आणि त्यावर उत्तरही ठरलेले येते: पाऊस कमी झाला, पंप वाढले. या उत्तरापुढे टिकायचे असेल तर विहीर मोजावी लागते. कठड्यावर ऑइलपेंटने एक खूण करा. दर पंधरा दिवसांनी, पहाटे, कोणाचाही पंप चालू होण्याआधी, त्या खुणेपासून पाण्यापर्यंतचे अंतर वजन बांधलेल्या टेपने मोजा. वहीत तारीख, वेळ, अंतर आणि मोजणाऱ्या दोघांच्या सह्या. दहा-बारा विहिरी पुरतात, पण त्यातल्या दोन-तीन खाणीपासून लांबच्या, त्याच दगडात आणि त्याच पावसात असलेल्या हव्यात. खाणीजवळच्या विहिरीचे पाणी फेब्रुवारीतच तळाला जाते आणि लांबच्या विहिरीला मे अखेरपर्यंत पाणी राहते, हे दोन वर्षांच्या वहीत दिसले की कमी पावसाचा युक्तिवाद लंगडा पडतो. खाणीतून पंपाने पाणी उपसले जाते त्या दिवसांची नोंदही त्याच वहीत ठेवा.

याहून ताकदीचा पुरावा खाणचालकाच्या स्वतःच्याच कागदांत असतो. भारतीय खाण ब्युरोने (याचे मुख्यालय नागपुरात आहे) मंजूर केलेल्या खाण आराखड्यात खड्ड्याचा अंतिम तळ समुद्रसपाटीच्या संदर्भात दिलेला असतो. पर्यावरण आघात अहवालात भूजलाची पातळी दिलेली असते, पण ती बहुतेकदा जमिनीपासूनच्या खोलीत. दोन्ही एकाच मापात आणा. तळ समुद्रसपाटीच्या १० मीटर खाली जाणार असेल आणि विहिरींतले पाणी समुद्रसपाटीच्या २२ मीटर वर उभे असेल, तर 'खाणकाम भूजलाला छेदणार नाही' हे अहवालातले वाक्य खोटे ठरते, आणि त्यासाठी तुम्हाला तज्ज्ञही लागत नाही. अशी एक विसंगती पन्नास छायाचित्रांपेक्षा भारी पडते. गोव्यातल्या मोपा विमानतळाच्या प्रकरणात, मार्च २०१९ मध्ये, अर्जात आणि अहवालात महत्त्वाची माहिती लपवली म्हणूनच मंजुरी स्थगित झाली होती.

हद्दीचे उल्लंघन दाखवायला परिवेशवर प्रस्तावासोबत असलेली केएमएल फाइल (नकाशावर हद्द दाखवणारी) उतरवून गूगल अर्थवर टाका आणि जुनी उपग्रह चित्रे वर्षावर्षाने बघा. सेंटिनेल-२ ची चित्रे फुकट मिळतात आणि साधारण पाच दिवसांनी नवी येतात. मात्र त्यांचा एक ठिपका दहा मीटरचा असतो, म्हणून पाच मीटरचे अतिक्रमण त्यांवरून सांगू नका. एक धोका नवख्यांना माहीत नसतो. जुने खाणनकाशे एव्हरेस्ट संदर्भपद्धतीवर आहेत आणि जीपीएस वेगळ्या पद्धतीवर चालते. रूपांतर न करता नकाशा चढवला तर हद्द दहा-पाच मीटर नव्हे, शंभराच्या घरात सरकलेली दिसते. विरुद्ध पक्षाच्या मोजणीदाराने हे दाखवून दिले की तुमच्या बाकीच्या पुराव्यावरचाही विश्वास उडतो. म्हणून चित्रांवरून फक्त दाट शंका उभी करा आणि भूमी अभिलेख, खाण खाते, वन खाते यांच्या संयुक्त मोजणीचा आदेश मागा. सातबारा, गोव्यात एक-चौदाचा उतारा, आणि गाव नकाशा जोडा.

घनफळाचा हिशेब प्रत्येकाला जमण्यासारखा आहे. खड्डा १२० मीटर लांब, ८० मीटर रुंद आणि सरासरी ६ मीटर खोल असेल तर ५७,६०० घनमीटर. एक ब्रास म्हणजे १०० घनफूट, म्हणजे २.८३ घनमीटर. झाले साधारण २०,३५० ब्रास. आता माहितीच्या अधिकारात मिळालेल्या वाहतूक परवान्यांची बेरीज ८,००० ब्रास असेल तर उरलेले कुठे गेले हा प्रश्न उभा राहतो. विरुद्ध बाजू म्हणेल की ट्रकमधला ब्रास आणि जमिनीतला ब्रास वेगळा. खरे आहे, पण फोडलेला दगड फुगतो, म्हणजे ट्रकमधले ब्रास जमिनीतल्यापेक्षा जास्तच भरायला हवेत. तो युक्तिवाद तुमच्याच बाजूचा आहे. लोहखनिजात मात्र हा हिशेब सरळ लावू नका. एक टन खनिजामागे दोन-तीन टन निरुपयोगी माती निघते, तिच्या ढिगाऱ्यांचे घनफळ वेगळे काढावे लागते.

स्फोटांमुळे घरांना तडे गेले असतील तर तड्याच्या फोटोवर थांबू नका. खाण सुरक्षा महासंचालनालयाच्या १९९७ च्या परिपत्रकात खाणमालकाच्या नसलेल्या साध्या घरांसाठी कंपनाची मर्यादा दिलेली आहे: वारंवारता ८ हर्ट्झच्या खाली असेल तर सेकंदाला ५ मिलिमीटर, ८ ते २५ मध्ये १०, त्यावर १५. देऊळ, जुना वाडा अशा नाजूक वास्तूंसाठी हेच आकडे २, ५ आणि १०. न्यायालयाकडे मागणी करा ती तुमच्या घराशेजारी कंपनमापक बसवण्याची, कारण कंपनी मोजते ते बहुतेकदा तिच्या सोयीच्या जागी.

फोटो आणि व्हिडिओंना भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ खालचे प्रमाणपत्र लागते. १ जुलै २०२४ पासून त्यात फाइलचे हॅश मूल्यही (फाइल बदललेली नाही हे पडताळता येणारा सांकेतिक आकडा) द्यावे लागते आणि एक भाग तज्ज्ञाने भरायचा असतो. लवादाला पुराव्याच्या कायद्याचे बंधन नाही, पण उच्च न्यायालयात आक्षेप येतो. मूळ फोन जपून ठेवा. व्हॉट्सअॅपवरून फिरून आलेल्या फोटोत तारीख आणि जागा दोन्ही पुसली गेलेली असतात.

जनसुनावणी

पर्यावरण मंजुरीआधीच्या जनसुनावणीत आरडाओरडा करून ती उधळणे मला चुकीचे वाटते. रागामागचे कारण समजते, पण सुनावणीचे इतिवृत्त हाच पुढच्या अपिलाचा पाया असतो. सुनावणीआधी किमान ३० दिवसांची नोटीस लागते, स्थानिक भाषेतला सारांश उपलब्ध असावा लागतो, अध्यक्षस्थानी जिल्हाधिकारी किंवा किमान अतिरिक्त जिल्हा दंडाधिकारी दर्जाचा अधिकारी लागतो, आणि शेवटी नोंदवलेले मुद्दे स्थानिक भाषेत वाचून दाखवावे लागतात. यातले काय झाले नाही ते त्याच दिवशी लिहून पोच घ्या. प्रत्येक हरकत लेखी द्या, मुद्द्याला क्रमांक द्या, पर्यावरण आघात अहवालाचा पान क्रमांक द्या: 'पान अमुकवर दहा किलोमीटरच्या परिघात बारमाही व्हाळ (ओढा) नाही असे म्हटले आहे, गट क्रमांक तमुकमधून वाहणाऱ्या व्हाळाचे मे महिन्यातले फोटो जोडले आहेत.' मंजुरीचे प्रस्ताव तपासणाऱ्या तज्ज्ञ समितीने अशा नेमक्या हरकतीचे उत्तर न देता मंजुरीची शिफारस केली तर तिने विचारच केला नाही, असे म्हणता येते. 'आमचा विरोध आहे' या पाचशे अर्जांवर असे काही म्हणता येत नाही.

अहवाल वाचताना आधी तीन गोष्टी बघा. आधारमाहिती कोणत्या ऋतूत गोळा केली, विहिरी आणि झऱ्यांची यादी जागेवर पडताळलेली आहे का, आणि प्राणी-वनस्पतींच्या यादीत तुमच्या भागात नसलेल्या जाती आहेत का. शेवटची गोष्ट दुसऱ्या प्रकल्पाचा अहवाल उतरवल्याची खूण असते. अभयारण्याचे अंतरही तपासा. हद्दीपासून एक किलोमीटरच्या आत खाणकामाला सर्वोच्च न्यायालयाची देशभर मनाई आहे, आणि २०२३ मध्ये बाकीच्या अटी शिथिल झाल्या तरी ही कायम राहिली. हे अंतर पट्ट्याच्या मध्यबिंदूपासून मोजून दाखवले जाते असे आढळले तर लगेच हरकत घ्या. सावंतवाडी-दोडामार्ग पट्ट्यातल्या गावांनी मुंबई उच्च न्यायालयाचे २०१३ पासूनचे वृक्षतोडबंदीचे आदेश आणि २५ गावे संवेदनशील क्षेत्र म्हणून अधिसूचित करण्याबाबतचा मार्च २०२४ चा निकाल हरकतीला जोडावा.

मागायचे काय

फक्त 'खाण बंद करा' मागणाऱ्या याचिकेत न्यायालयाला हो किंवा नाही एवढेच म्हणता येते, आणि महसूल, रोजगार समोर असताना नाही म्हणणे सोपे जाते. मागण्या उतरंडीने मांडा. मंजुरी रद्द करा. निकाल लागेपर्यंत स्थगिती द्या. स्थगिती नसेल तर अमुक पातळीखाली खोदू नका, व्हाळाच्या दोन्ही बाजूंना अमुक मीटर सोडा. संयुक्त मोजणी करा. पाण्याचे आणि धुळीचे नमुने स्वतंत्र संस्थेकडून घ्या. तोपर्यंत ज्या घरांच्या विहिरी गेल्या त्यांना टँकर. स्थगितीच्या टप्प्यावर भरून न येणारे नुकसान कोणाचे, हे बघितले जाते. खनिज जमिनीत आणखी वर्षभर राहिले तर ते नासत नाही. फुटलेला झरा पुन्हा जोडता येत नाही. हा मुद्दा जोरात मांडा, तो खरा आहे.

रोजगाराचा मुद्दा टाळू नका. ट्रकमालक आणि खाणकामगार बहुतेकदा त्याच गावचे, त्याच घरांतले असतात, आणि त्यांचे नुकसान न्यायालयाला दिसते. खाणचालकांकडून जमा होणारा जिल्हा खनिज निधी त्यांच्या पर्यायी कामासाठी आणि खड्ड्यांच्या पुनर्भरणासाठी वापरावा, अशी मागणी याचिकेतच करा. पैशांच्या बाजूने सगळ्यात धारदार आधार २ ऑगस्ट २०१७ च्या ओडिशाच्या कॉमन कॉज निकालाचा आहे: मंजुरीशिवाय किंवा मंजुरीपेक्षा जास्त काढलेल्या खनिजाची पूर्ण, १०० टक्के किंमत वसूल करता येते. मंजुरी नंतर मिळवली तरी मागचे खोदकाम कायदेशीर होत नाही, असेही त्यात आहे. मात्र मागाहून मंजुऱ्या द्यायला मनाई करणारा, वनशक्ती प्रकरणातला १६ मे २०२५ चा निकाल सर्वोच्च न्यायालयाने १८ नोव्हेंबर २०२५ ला दोन विरुद्ध एक मताने मागे घेतला आहे. त्या एकाच मुद्द्यावर खटला उभा करू नका.

सगळ्या संबंधितांना पक्षकार करा, विशेषतः खाणचालकाला. त्याचे म्हणणे न ऐकता किंवा केवळ समितीच्या अहवालावर विसंबून लवादाने दिलेले आदेश सर्वोच्च न्यायालयात टिकत नाहीत. लवादाने निवाड्याचे काम तज्ज्ञ समितीवर सोपवू नये, हे २०२२ मध्ये सुरतच्या कोळी समाजाच्या प्रकरणात स्पष्ट झाले. म्हणून समितीच्या पाहणीच्या दिवशी स्वतः हजर राहा, तुमचे म्हणणे त्याच ठिकाणी लेखी द्या आणि अहवाल आला की त्यावर आक्षेप किंवा समर्थन शपथपत्रावर दाखल करा.

आदेश मिळाला की काम निम्मे झाले. मंजुरीच्या अटींचा सहामाही अहवाल १ जून आणि १ डिसेंबरला द्यावा लागतो. तो आला का आणि खरा आहे का ते दर वेळी तपासा. उच्च न्यायालयाच्या आदेशाचा भंग झाला तर अवमान याचिका एका वर्षाच्या आत. आणि खाण बंद पडली तरी धोका बंद पडत नाही. पाण्याने भरलेला खड्डा आणि न बांधलेला ढिगारा पहिल्या मोठ्या पावसात गावात उतरतो. जुलै २०२१ मध्ये दोडामार्ग तालुक्यातल्या कळणे इथे खाणीत साठलेले पाणी मातीचा बांध फोडून घरांत आणि शेतांत शिरले. तेव्हा खड्ड्यातले पाणी उपसणे, ढिगाऱ्याच्या पायथ्याला संरक्षक भिंत, गाळ अडवणारे तलाव साफ करणे, या गोष्टी पावसाळ्याआधी करून घेण्याचा वेगळा अर्ज दरवर्षी लागतो. उच्च न्यायालयाची उन्हाळी सुट्टी मेच्या पहिल्या पंधरवड्यापासून जूनच्या पहिल्या आठवड्यापर्यंत जाते, आणि तोवर कोकणात पाऊस आलेला असतो. अर्ज मार्चमध्ये तयार आणि एप्रिलच्या पहिल्या पंधरवड्यात दाखल झालेला हवा, सोबत खड्ड्यातल्या पाण्याची त्या आठवड्यात मोजलेली पातळी.